जामिनाला माणूस

संदेशला जामीन मंजूर झाला त्या दिवशी नंदाने शिरा केला आणि उत्तम पालांडेने तो ठाण्याजवळच्या दिव्यातल्या गुरुछाया बिल्डिंगच्या सगळ्या मजल्यांवर स्वतः फिरून वाटला. इथेच दोघं फसली. कोर्टाने जामीन मंजूर करणं आणि पोरगं घरी येणं यांत साखरपुडा आणि बारसं यांच्यातल्याएवढं अंतर असतं. पण पहिल्यांदाच कोर्टाची पायरी चढलेल्या माणसांना हे कोण सांगणार? सगळ्यांनी शिरा खाल्ला. "वहिनींनी तुपाला हात सैल सोडलाय," म्हणत खाल्ला.

पोराचा गुन्हा म्हणाल तर पाण्याचा. टँकर आला, आधी पाइप कोणाचा लागणार यावरून दोन बिल्डिंगांच्या माणसांत ढकलाढकली झाली आणि टँकरवरचा माणूस मागच्या मागे पडून त्याचं डोकं लोखंडी पायरीवर आपटलं. कोणीतरी मोबाइलवर शूटिंग केलं. त्यात वीसेक जणांच्या पाठी दिसत होत्या आणि चेहरा एकट्या संदेशचा, कारण तो नेमका वळून ओरडत होता, "ए, शूटिंग बंद कर रे!" एसी दुरुस्त करून पोट भरणारं पोरगं, हातात पाइप. पोलिसांना चेहरा मिळाला, त्यांनी चेहरा नेला. ज्यांच्या पाठी होत्या ते सगळे, शिमगा नसताना, गावाला गेले.

"काका, ऑर्डर हातात आहे," वकील शिवानी म्हणाली. डोंबिवलीची मुलगी, बोलायला फटकळ. "आता जामीनदार आणा. लोकल पाहिजे आणि स्वतःच्या नावावर घर नाहीतर जागा पाहिजे. पोरगा पळाला तर कोर्ट त्याला धरणार."

"एकच?" उत्तमला हसूच आलं. "मॅडम, आमच्या बिल्डिंगमध्ये छत्तीस ओनर आहेत. कुठल्या मजल्याचा आणू बोला."

"तुम्ही स्वतःच राहा की उभे."

"बापाचं काय, तो राहणारच. बाहेरचा माणूस उभा राहिला की कोर्टालाही दिसतं, पोरगं चांगल्या घरचं आहे."

शिवानीने पेन कानामागे खोचलं. "आणा मग."

उत्तमने जन्मभर कोलशेतच्या एका कारखान्यात स्टोअर सांभाळलेलं. आलेला माल तपासायचा, डागी असेल तो परत पाठवायचा. शेजारीही त्याने तसेच तपासले. दुसऱ्या मजल्यावरचा दौलत नको, दिवेलागणीनंतर त्याचा भरवसा नाही. चौथ्यावरचे नकोत, उपकार करतील आणि जिन्यात भेटतील तेव्हा आठवण करून देतील. शेवटी तळमजल्यावरचा सौमित्र पास झाला. पतपेढीत नोकरी, कपाळाला गंध, शर्टाला कडक इस्त्री. बाजारात आंबे निवडावेत तसं आपण निवडतोय, आणि पेटी कोणाची आहे हेच बघितलं नाही, हे उत्तमच्या ध्यानात यायला अजून वेळ होता.

सौमित्रला मान वाटला. "काका, संदेश म्हणजे घरचा पोरगा," म्हणत त्याने रजा टाकली, लग्नाकार्याचा शर्ट काढला आणि आपण कोर्टात कशाला जातोय हे ऑफिसात दोघातिघांना कळेल अशी व्यवस्था केली.

मॅजिस्ट्रेट बाईंनी त्याचं घरपट्टीचं बिल उलटंसुलटं केलं. "हा लाल शिक्का आहे ना खाली, तो वाचा."

सौमित्रने खणखणीत आवाजात सुरुवात केली. "सदर बांधकाम अनधिकृत असून, कर भरल्यामुळे ते…" पुढचं त्याने मनातल्या मनात वाचलं.

"उद्या हे जप्त करायची वेळ आली तर कोर्टाने काय जप्त करायचं?"

"मॅडम, फ्लॅट आहे ना. मी राहतो तिथे."

"राहता हो. तुमचा आहे का, ते विचारतेय."

बाई कडक बोलल्या असत्या तर राग तरी काढता आला असता. त्या समजावून बोलल्या. शिवानीने रोख रक्कम भरून सोडायची विनंती केली, तर सरकारी वकील उठून म्हणाले, जमावाच्या मारामाऱ्या वाढल्यात, अशाने चुकीचा संदेश जाईल. संदेश काही गेला नाही. आतच राहिला.

गंमत अशी की ती बिलं दरवर्षी उत्तमच भरायचा. सेक्रेटरी ना तो! सवलतीची तारीख चुकू नये म्हणून सगळ्या घरांची बिलं गोळा करून लायनीत उभा राहायचा. रक्कम बघायचा, तारीख बघायचा. शिक्का लाल, म्हणजे सरकारी. आणि सरकारी, म्हणजे पक्का.

संध्याकाळपर्यंत बिल्डिंगभर झालं. तेव्हापासून संदेश मागे पडला आणि शिक्का पुढे आला. जो तो आपापलं बिल घेऊन ट्यूबलाइटखाली उभा.

"काका, हे आता कोर्टाच्या रेकॉर्डला गेलं का?" सौमित्रने खालच्या पॅसेजमध्ये सगळ्यांसमोर विचारलं. "तुमच्या पोरापायी माझं घर अनधिकृत झालं."

"अरे, होतंच ते."

"होतं, पण कोणी वाचलं नव्हतं ना!"

त्या रविवारी पोलीस आणि नागरिकांची बैठक शाळेच्या हॉलमध्ये होती. साहेब गाठता येतील म्हणून उत्तम पुढच्या रांगेत बसला. साहेबांनी पडद्यावर रंगीत खांब दाखवले. गेल्या वर्षीपेक्षा चोऱ्या कमी, मारामाऱ्या कमी, आणि गुन्ह्यांची उकल मात्र भराभर वर. "परवाचं टँकरचं प्रकरण घ्या," साहेब म्हणाले, "एका दिवसात डिटेक्ट!" टाळ्या पडल्या. सौमित्रनेही वाजवल्या, मग उत्तमकडे लक्ष गेलं तसं त्याच हातांनी तो गुडघ्यावरची धूळ झटकायला लागला. शेवटच्या हिरव्या खांबाकडे उत्तम बघत राहिला. त्या खांबात आपलं पोरगं नक्की किती उंचीवर असेल, असं काहीतरी खुळ्यासारखं त्याच्या मनात आलं.

चहाच्या वेळी त्याने साहेबांना गाठलंच. साहेब माणूस सभ्य. सगळं ऐकून घेतलं.

"काका, आमचं काम धरायचं. सोडायचं काम कोर्टाचं. कोर्टाने सोडलंय ना?"

"सोडलंय."

"मग झालं तर!"

उत्तमने बिस्किट घेतलं.

ठाण्याच्या जेलमध्ये मुलाखतीला काचेपलीकडे संदेश बसला आणि त्याने फोन कानाला लावला. दाढी वाढलेली, आवाज मात्र शाळेतल्यासारखा. "पप्पा, ऑर्डर झाली ना? मग मी इथे काय करतोय?"

"होतंय रे. कागदाचं थोडं राहिलंय."

"आमच्या बराकीत एक जण आहे. त्याचीपण ऑर्डर झालेली, कधीचीच. त्याच्याकडे कोणी माणूसच नाही उभा राहायला. तो आता तिथे भाजी चिरतो आणि नव्या पोरांना जागा दाखवतो." संदेशने फोन दुसऱ्या कानाला लावला. "पप्पा, आपल्याकडे माणसं आहेत ना?"

"आहेत की," उत्तम म्हणाला. "खूप आहेत."

मग तो कोलशेतला गेला, थोरल्या बहिणीकडे. सगुणाताईच्या घरचे दाजी म्हणजे नात्यातले एकमेव अधिकृत गृहस्थ. खाडीकडे तोंड करून उभा टॉवर, मंजूर नकाशा, सगळे दाखले फायलीत. दाजींनी ऐकायच्या आधीच खिशाला हात घातला.

"किती लागतात ते सांग, उत्तम. लाजू नको."

"पैसे नकोत दाजी. तुम्ही कोर्टात यायचं आणि एक सही करायची."

दाजींचा हात खिशातच राहिला. पैशाच्या बाबतीत सढळ माणूस. लोकांनी लग्नात, आजारात अनुभव घेतलेला. पण नाव द्यायची वेळ आली की सढळ माणसंही मुठी आवळतात. पैसा दिला की विषय संपतो. नाव दिलं की ते दुसऱ्याच्या पोराबरोबर तारखेला फिरत राहतं.

"त्याचं काय आहे," दाजी म्हणाले, "आमच्या सान्वीला बघायला माणसं येतायत. मुलाचे वडील वकील आहेत. त्यांना कळलं की मी फौजदारी केसमध्ये उभा आहे…"

"अहो, माझा भाचा आहे तो!" ताई स्वयंपाकघरातून म्हणाली.

"म्हणून तर पैसे देतोय ना!"

ताई लिफ्टपर्यंत सोडायला आली. चकल्यांचा डबा त्याच्या हातात कोंबून म्हणाली, "घर माझ्या नावावर असतं तर आत्ता चप्पल घातली असती रे." लिफ्ट येऊन गेली तरी ती बटण दाबून उभीच होती.

कोर्टाच्या फाटकाशी झेरॉक्सच्या दुकानापाशी अण्णा उभे असायचे. पांढरा शर्ट, खिशाला दोन पेनं, काखेत प्लॅस्टिकची पिशवी. कोणाच्याही घरचे थोरले काका शोभतील. उत्तमला येता-जाता त्यांनी ओळखून ठेवलं होतं. गिऱ्हाईक पिकत आलेलं त्यांना लांबून कळायचं.

"दादा, जामिनाला माणूस लागतो का?" ते हळूच म्हणाले. "कल्याणजवळ मोहन्याला घर आहे माझं, कौलारू. बिल कोरं करकरीत, शिक्का नाही."

"तुमचंच आहे का?"

"बिल माझ्याकडे आहे, म्हणजे कोणाचं असणार?"

शिवानीने हे लांबून पाहिलं होतं. "काका, त्या बाजूला फिरकूसुद्धा नका. तो उघडा पडला तर पोराचा जामीन रद्द, आणि तुमच्यावर वेगळी केस."

"आणि नाही आणला तर?"

तिने फाइलची नाडी सोडली, पुन्हा बांधली. "उद्या मी अकराला येते. तुमच्याबरोबर जो कोणी असेल त्याचे कागद पुढे करते. मी कागद बघते, काका. माणसं बघायला मला शिकवलेलं नाही."

घरी उत्तमने नंदाला सांगितलं तेव्हा ती पिंपातलं पाणी वाटीने हंड्यात काढत होती. तिने वर न बघता म्हटलं, "अहो, आणा त्याला."

"अगं, खोटा आहे तो."

"आणि आपण खरे आहोत ना? काय झालं त्याचं?"

दुसऱ्या दिवशी अण्णा अंघोळ करून, गंध लावून आले.

"आरोपीला कसे ओळखता?" मॅजिस्ट्रेट बाईंनी विचारलं.

"मॅडम, माझ्या अंगाखांद्यावर खेळलंय पोरगं," अण्णा म्हणाले आणि त्यांचा गळा दाटून आला. खरोखर दाटून आला. उत्तम थक्क होऊन बघत राहिला. क्षणभर त्यालाही वाटलं, एखाद्या वेळी खेळलंही असेल.

बाईंनी बिल पाहिलं, खाली बोट फिरवून शिक्का शोधला, सापडला नाही. दाराबाहेर माणसांची रीघ. "ठीक आहे," त्या म्हणाल्या. छत्तीस घरांतून, नातेवाइकांतून जे झालं नव्हतं ते पेन उचलायच्या आत झालं.

संदेश घरी आला. यावेळी नंदाने शिरा केला नाही. मुगाची खिचडी केली, आणि पोरगा ती मान खाली घालून भराभर जेवला. हात धुवायच्या आधीच त्याने विचारलं, "पप्पा, माझ्यासाठी कोण उभं राहिलं?"

"आहेत एक. मोहन्याचे."

"मोहन्यात आपलं कोण आहे?"

"ओळखीचे आहेत रे."

"बघ ना आई, इथे कोणी आलं नाही आणि ते एवढ्या लांबून आले. जेवायला बोलवू या त्यांना." नंदा पंप चालू झालाय का बघते म्हणून बाहेर गेली. पाणी यायची ती वेळच नव्हती.

पहिल्या तारखेला बापलेक ठाण्याला गेले. कोर्टाच्या जिन्याखाली अण्णा एका बाईशी बोलत उभे होते. बाई टिटवाळ्याकडची वाटत होती, पायांत रबरी चपला, हातातल्या पिशवीत कोणासाठी तरी आणलेला टॉवेल. तिचा काही निश्चय होत नव्हता. अण्णांनी मान वळवली आणि त्यांना उत्तम दिसला.

"हे बघा, आलेच! यांच्या पोराला मीच सोडवला. विश्वास नाही ना? यांना विचारा."

संदेशला आणखी काही कळायची गरज वाटली नाही. तो दोन ढांगांत पुढे गेला आणि अण्णांच्या पायांवर वाकला. अण्णांनी त्याला उठवून छातीशी धरलं, पाठीवर हात फिरवला आणि त्याच्या कानाशी तोंड नेऊन हळूच विचारलं, "नाव काय रे बाळा तुझं?"

उत्तमला ते ऐकू आलं. बाईला नाही आलं. संदेश नाव न सांगताच दूर झाला आणि बापाकडे बघत राहिला.

बाई उत्तमच्या जवळ आली. "भाऊ, माझा मुलगा आत आहे. ऑर्डर झालीय, पण आमच्याकडे कोणीच उभं राहत नाही. तुम्ही चांगल्या घरचे दिसता म्हणून विचारते. माणूस भरवशाचा आहे ना?"

अण्णा झेरॉक्सचे कागद चाळत होते. त्यांना घाई नव्हती. उत्तम काय म्हणेल हे त्यांना उत्तमच्या आधी ठाऊक होतं. खोटा आहे म्हटलं की संदेश पुन्हा काचेपलीकडे. संदेश बापाच्या तोंडाकडे बघत होता. लहानपणी गणिताचं उत्तर बरोबर आलं का म्हणून बघायचा, तसा.

"भरवशाचा आहे," उत्तम म्हणाला.

"देवासारखे भेटलात," बाई म्हणाली. तिने पिशवी दुसऱ्या हातात घेतली आणि ती अण्णांच्या मागोमाग जिना चढायला लागली. वरून शिपायाने संदेश उत्तम पालांडे असा पुकारा केला. संदेश बापाची वाट न बघता निघाला.