पिवळ्या पाठीवरचं रक्त

"सोड्याच्या पाण्यापाशी नको नेऊ गं लेकरू,
पिवळं होईल लाल, मग लिंबानं सावरू."

हळदीच्या हौदात कापडाचं थान खालीवर करताना आई हे गुणगुणायची. मी तेव्हा तिच्या कमरेइतकी होते. लेकरू म्हणजे पिवळं कापड. धुण्याच्या सोड्याचा थेंब पडला की ते लालभडक होतं, लिंबू चोळलं की पुन्हा पिवळं. आमच्या रंगाऱ्यांच्या गल्लीत शेंबड्या पोरालाही हे ठाऊक आहे.

आणि तीच शहाणी गल्ली त्या दिवशी कापड वाळवायच्या पटांगणात, फटकेमहाराजांपुढे आ वासून बसली होती.

महाराज उघडेबंब. पाठीवर हळदीचा जाड लेप. हातात मऊ सुती दोरांचा चाबूक, शेजारच्या बादलीतल्या 'मंतरलेल्या' पाण्यात बुडवलेला.

"बाळांनो, पाप हाडात मुरतं! राजेलोक गुन्हेगाराला फटके का देत? पाप बाहेर काढायला! तपस्वी स्वतःला का झोडपत? जगाचं पाप बाहेर काढायला! आणि मी? मी तुमचं पाप माझ्या पाठीवर घेतो!"

सट्! पिवळ्या पाठीवर लाल रेघ उमटली. बायकांनी हुंदके दिले. मग चेल्यानं वेगळ्या तांब्यातल्या आंबूस तीर्थात भिजवलेलं फडकं फिरवलं आणि रेघ गायब. जखम भरली! जयजयकार!

राजांच्या फटक्यांनी कुणाचं पाप बाहेर आल्याचं मी तरी वाचलेलं नाही. बाहेर आली ती कातडी. तीही गुलामाची, खलाशाची, पोटासाठी भाकरी चोरणाऱ्याची. राजाच्या हाडात पाप मुरतच नसावं. आणि तपस्व्यांनी स्वतःची पाठ फोडून घेतली, तरी जग होतं तिथेच राहिलं. हे महाराज त्यांच्याहून हुशार. यांनी पाठही वाचवली.

हसून सोडून दिलं असतं. पण पुढच्या रांगेत माझी धाकटी बहीण बसली होती. तिला फेफरं येतं. महाराजांनी निदान केलं होतं, "आईचं पाप लेकीत उतरलंय." आज फटके तिला होते, आणि तिच्यासाठी चाबूक वेगळा होता. चामड्याचा. कोरडा. तिला तिथे घेऊन आले होते आमचे बाबाच.

"बाबा, जन्म पिवळ्या हौदावर काढलात. ती लाली ओळखू येत नाही तुम्हाला?"

बाबांनी मान खाली घातली. "गप बस, पोरी."

शेजारच्या मावशी माझ्यावर डाफरल्या, "अगं, रक्त आहे ते! देवमाणसाचं!"

"मावशी, काल तुमच्या पिवळ्या थानालाही असंच रक्त आलं होतं. त्याच्या पाया का नाही पडलात?"

मागे कुणीतरी फिस्सकन हसलं.

तेवढ्यात महाराजांनी पुन्हा एक सुती फटका स्वतःला मारला, चामडी चाबूक उचलला आणि धाकटीला उभं केलं. मी पुढे गेले. हातात घरून येतानाच घेतलेली लिंबाची फोड होती.

"थांबा महाराज, आधी तुमची जखम बघू."

फोड मी त्या ताज्या रेघेवरून फिरवली. लाल पिवळं झालं. मग माझ्या पिवळ्या पदराचं टोक त्यांच्या बादलीत बुडवून वर धरलं. पदर लाल झाला.

मावशी उठल्या, त्यांनी बादलीतलं पाणी दोन बोटांत चोळून पाहिलं. बोटं बुळबुळीत झाली.

"अरे मेल्या! धुण्याचा सोडा!"

"श्रद्धा नसेल तिथे चमत्कार नासतो!" महाराज गरजले.

"मग चाबूक बदलू या," मी म्हटलं. "तुमचा सुती हिला, हिचा चामडी तुम्हाला. होऊ दे पाप बाहेर."

महाराज दोन पावलं मागे सरले. मी गल्लीकडे वळले. "कापडावर हाच डाग पडला की तुम्ही कारण शोधता. पाठीवर पडला की हात जोडता. का? आजार झाला तर डॉक्टरला विचारा. आणि चमत्कार दाखवणाऱ्याला आधी विचारा, बादलीत काय आहे!"

"मार खाल्ल्याशिवाय ही बरी होणार नाही!" महाराजांनी शेवटचा डाव टाकला. "हिच्या बापाला विचारा! त्याची श्रद्धा आहे!"

सगळे बाबांकडे वळले. बाबा गुडघ्यांवर हात टेकून सावकाश उठले. रंगानं कायमच्या पिवळ्या झालेल्या हातांनी त्यांनी महाराजांच्या मुठीतून चामडी चाबूक काढून घेतला.

"लाली मी पहिल्याच दिवशी ओळखली होती," ते म्हणाले. "पण हा खोटा म्हटला, की तोही खोटा ठरला असता."

"तो कोण, बाबा?"

"तुमची आई तापानं गेली, असं मी सांगत आलो. फेफरं तिलाही होतं. असाच एकजण आला होता. मीच तिला त्याच्यापुढे नेलं. तिला मारलं तो चाबूक खरा होता. पाठ चिघळली... ताप नंतर आला."

त्यांनी धाकटीच्या पाठीवर हात ठेवला.

"तिचं काही पाप नव्हतं, बाळ. आजार होता. तुलाही आजारच आहे. चल, डॉक्टरकडे जाऊ."