हात धुतलेलं पाणी

जेवून उठल्यावर तुम्ही हात धुता, ते पाणी पुढे कुठे जातं, हे कधी मान वळवून पाहिलं आहे का?

गयामावशी पाहायची. राळेगावकडच्या आमच्या गावात बुद्धविहाराच्या भिंतीलगत काळ्या मातीची एक अरुंद पट्टी होती. विहारात पंगत उठली की मावशी पाण्याचा गडवा घेऊन त्या पट्टीच्या कडेला उभी राहायची, आणि ज्याला हात धुवायचे त्यानं तिथंच वाकायचं, असा तिचा शिरस्ता होता. बारीक धार बोटांवर पडे, वरणाचा पिवळेपणा घेऊन खाली उतरे, आणि कोरडी माती ते पाणी पिताना चर्र असा हलका आवाज करी. मावशीचा चेहरा माझ्या मनात आता पुसट होत चालला आहे. तो आवाज मात्र अजून जसाच्या तसा आहे.

आमचा वैशाख रंग शिल्लक ठेवत नाही. कापसाची पऱ्हाटी उपटलेली शेतं भेगाळून पडतात, आभाळ पांढरं होतं, विहारावरचा निळा झेंडासुद्धा उन्हानं विटतो. त्या विटलेल्या जगात त्या हातभर पट्टीवर सदाफुली गुलाबी असायची, आणि चिनी गुलाब सूर्य वर आला की उघडत आणि तो कलला की मिटत. भर दुपारी सदाफुलीची पानं मान टाकत. आम्ही पोरं कासावीस होऊन पाणी आणायला धावलो की मावशी मनगट धरायची. "आता नोको रे. ऊन उतरू दे." मग ती उंबऱ्यावर बसून राही. तांदूळ धुतलेलं, भांडी विसळलेलं पाणी दिवसभर बादलीत साठलेलं असे. सावली लांबली की ती आधी मातीवर तळवा टेकवी, तापानं फणफणलेल्या लेकराच्या कपाळावर टेकवावा तसा, आणि निवली आहे अशी खात्री पटली की मगच गडवा बुडवी.

टँकरच्या रांगेत तिला टोमणे बसत. एकदा कुणीतरी मोठ्यानं म्हणालं, "माणसाईले प्याले पाणी नाही, अन् मावशी फुलाईले पाजून राह्यली!"

"उष्टं पाणी हाय बापा ते," मावशी म्हणाली. "तुले पाहिजे काय? घे, तोंड उघड."

सगळी रांग हसली, टोमणा मारणारासुद्धा. मला मात्र आजही हसू येत नाही. तालुक्याच्या गावी एका बंगल्याच्या हिरवळीवर ऐन उन्हात फवारे उडताना मी पाहिले आहेत. त्या पाण्याचा जाब कुणी कुणाला विचारत नाही. सौंदर्य हा ज्याच्या दारी नळ आहे त्याचाच हक्क, आणि बाकीच्यांनी फक्त तहान भागवावी, हे कुणी ठरवलं? ज्यांच्या आज्यापणज्यांच्या ओंजळीत पाणी उंचावरून सोडलं जाई, स्पर्श टाळून, तोंड फिरवून, त्यांच्यातलीच ही बाई. धार तिच्याही हातातून वरूनच पडे. पण ती जवळ उभी राही, एखाद्या लेकराची बोटं नीट निघाली नाहीत तर स्वतःच्या हातानं चोळून देई, आणि त्या धारेखाली काहीतरी फुलत असे. एवढ्या जुन्या अपमानाला याहून सुंदर उत्तर मी कुठल्याही पत्रकात वाचलेलं नाही.

पट्टी कुणा शत्रूनं हिरावली नाही. ती आमच्याच पोरांनी, प्रेमानं बुजवली. जयंतीच्या आधी विहाराचं आवार सुंदर करायचं ठरलं, आणि भिंतीपासून फाटकापर्यंत सिमेंटचे ठोकळे बसले. हात धुवायला चकचकीत बेसिन आलं. पोरं कौतुकानं म्हणाली, "मावशी, आता चिखल नाही, काही नाही. आरामात बसा."

"बसतो बापा," ती म्हणाली. "पण पाणी खाली कुठून जाईन?"

पोरांना वाटलं, ती गटाराचं विचारते. त्यांनी नळी दाखवली.

त्यानंतरही पंगत उठली की मावशी गडवा घेऊन भिंतीशी उभी राही. माणसं तिच्या शेजारून बेसिनकडे जात. मग ती एकटीच ठोकळ्यांच्या सांध्यांत पाणी ओती. सदाफुलीचं बी चिवट; सांध्यांतून बारीक कोंब वर येत. प्रत्येक कार्यक्रमाआधी पोरं खुरपं घेऊन ते खरवडून टाकत, कारण आवार स्वच्छ दिसायला हवं. जे कोंब खुरप्यातून वाचत, ते सिमेंटच्या धगीनं करपत. मावशी दर खेपेला गडवा थोडा कमी भरू लागली, आणि एका उन्हाळ्यात तो भरायची थांबली.

यंदाच्या उन्हाळ्यात ती गेली. तिच्या पुण्यानुमोदनाला बाजारातून फुलं आणली, प्लास्टिकच्या पिशवीतून, देठांना घाम फुटलेली. पंगत झाली, माणसं बेसिनवर हात धुऊन निघाली. ते पाणी नळीतून गुळगुळत गटाराकडे गेलं. मी भिंतीशी कान देऊन उभा होतो. माती काही बोलली नाही. सांध्यांत एकही कोंब नव्हता. खाली बी अजून जिवंत असेल, असं लिहायचा मोह होतो आहे. पण मला तसं वाटत नाही. माणूस जातं तेव्हा त्याची जागा तरी रिकामी राहते असं मी समजत होतो. इथं ती जागासुद्धा बुजवून, समतल करून टाकली आहे, आणि जिथं काही उगवू शकत नाही तिथं आठवणीनं तरी मूळ कुठं धरावं?

तुमच्याही दारात, शाळेत, विहारात ठोकळे बसले असतील. भिंतीलगतचा एक उचला. खालची माती मेलेली दिसेल. आज जेवून उठलात की तिच्यापाशी वाका, आणि तिथं हात धुवा.