निळी देवी

मी रंगवलेली देवी निळी होती, आणि ती निळीच असायला हवी होती. जालन्यातल्या आमच्या मस्तगड वस्तीतल्या निम्म्या बायकांना मी हे समजावून सांगितलं. एकीच्या डोक्यात शिरेल तर शपथ!

तेव्हाचे चित्रपट मुके होते आणि फिल्मचे डोळे आपल्यासारखे नव्हते. निळं तिला पांढरं दिसायचं, तांबडं काळंकुट्ट. पडद्यावर देवी उजळ दिसायची तर इथे तिचं तोंड निळंच हवं. हे शिकायला मी पुण्याला उमेदवारी केली होती, दुसऱ्यांच्या नावावर राजवाडे रंगवले होते. आता मंठ्याचे काकासाहेब स्वतःच्या हिमतीवर जालन्यात चित्रपट काढत होते, आणि त्यांनी मला शब्द दिला होता: पडद्यावर सुरुवातीच्या पाटीत येणार, 'देखावे: नरहर पेंटर'. त्या एका ओळीसाठी मी बांबू, तरट आणि कागदाच्या लगद्याचं, मूर्तीसकट अख्खं देऊळ उभं केलं.

शूटिंगच्या सकाळी कॅमेरेवाला जगन्नाथ ऊन बघत होता. मी तोरण बांधून शिडीवरून उतरलो, बघतो तर काकासाहेबांच्या पत्नी द्वारकाबाई देवीपुढे उभ्या. हातात वाटी. देवीचं तोंड शेंदराने माखलेलं, वर कुंकवाचा मळवट.

"वहिनी, हे काय केलंत?" मी ओरडलोच.

"निळी देवी कुठं असती का? इख पेल्यावानी दिसून राह्यली व्हती. आता कशी बराबर दिसती!"

मी ओला फडका उचलला, तशा त्या आडव्या आल्या. "माझ्या हातचं कुंकू पुसता? मालकाचं वाईट चिंतता काय?"

सवाष्णीने लावलेलं कुंकू पुसायचं, आणि तिचा नवरा समोर खुर्चीवर बसलेला! काकासाहेब एरवी नव्या विचारांचे, पण त्यांचाही चेहरा उतरला.

"ऱ्हाऊ द्या, पेंटर. जल्दी उरका, ऊन चाललं."

"अहो, पडद्यावर देवीचं तोंड काळं होईल!"

"तसं बिलकुल बोलू नका."

जगन्नाथने माझ्याकडे बघितलं, खांदे उडवले आणि कॅमेऱ्याचा दांडा फिरवायला लागला. पुन्हा घ्यायला फिल्म नव्हती. संतापाने मला रडू फुटायचं बाकी होतं.

जालन्यात तंबूत खेळ लागला. सुरुवातीलाच माझं नाव आलं, पण मी मान वर केली नाही. शेवटी खलनायक देवळात शिरला आणि देवी दिसली. तव्याच्या बुडासारखं तोंड. आता लोक हसणार, म्हणून मी डोळे मिटले.

"देवी कोपली!" कोणीतरी ओरडलं. अख्खा तंबू उठून उभा राहिला, हात जोडून.

खेळ संपल्यावर काकासाहेबांनी मला मिठी मारली. "काय डोकं चालवलं, पेंटर! आता पुढच्या चित्रपटात बी काळीच देवी करा."

लोक माझ्या पाया पडायला लागले. अनेक वर्षं ज्यासाठी झुरलो ते असं पदरात पडलं, आणि त्यात माझा हात कुठेच नव्हता. माझी निळी देवी कोणी पाहिलीच नाही.

द्वारकाबाई बायकांच्या बाजूने आल्या. अक्षरओळख नव्हती, पाटी त्यांनी कोणाकडून तरी वाचून घेतली होती.

"मालक," त्या माझ्याकडे बोट करून म्हणाल्या, "शेंदूर म्या लावल्ता. मंग नाव ह्यांचं कसं?"

काकासाहेब हसले. मला काही हसू आलं नाही.