बाबा कुठून आले

“अब्बा, तुम्ही कॅमेऱ्यात दिसणारच नाही,” कुबरानं सासऱ्यांना पुन्हा सांगून पाहिलं.

“दिसत नाही म्हणून काय लुंगीवर बसू?” खैरुद्दीन आरशासमोर शेरवानीचं वरचं बटण लावत होते. “आमच्या बाबांचा विषय निघणार. मुंबईचे प्रोफेसर सवाल करणार. मुजावर माणसानं नीट बसायला हवं.”

“दादा, इट्स जस्ट अ वायवा,” नात एमान आईच्या लॅपटॉपखाली जाड पुस्तकं रचत म्हणाली. “अँड प्लीज, नो अत्तर. मम्मी विल स्नीझ.”

अत्तर लावून झालं होतं. कुबरा शिंकली.

दुबईतल्या अल कुसैसच्या त्या दोन खोल्यांच्या घरात शनिवारची सकाळ अशी ईदसारखी कधी उगवली नव्हती. कुबरा शाळेच्या बसवर आया होती. मुलांचे पट्टे बांधायचे, कुणी ओकलं तर पुसायचं, झोपलेलं पोर आईच्या खांद्यावर अलगद ठेवायचं, यात तिची कितीतरी वर्षं गेली. कॉलेजच्या दुसऱ्या वर्षाला असताना लग्न झालं आणि पुस्तकं माहेरच्या माळ्यावर गेली. पण मुलं शाळेत उतरली की दुपारपर्यंत बस आवारात रिकामी उभी असे. त्या रिकाम्या बसमध्ये मागच्या सीटवर बसून तिनं आधी बी.ए. पुरं केलं, मग मुंबईच्या एका दूरशिक्षण केंद्रातून इतिहासात एम.ए.ला नाव घातलं.

मध्ययुगातल्या संतांचा पेपर आला आणि तिला त्याचं वेडच लागलं. राजे-लढाया तिला कधी लक्षात राहत नसत. इथं मात्र सगळी ओळखीची माणसं होती. मडकी घडवणारे, कपडे शिवणारे, दळताना गाणाऱ्या बाया, आणि कुठल्याही दारात भाकरी मागणारे फकीर. प्रकल्पाच्या मार्गदर्शक अर्चना मॅडम फोनवर म्हणाल्या, “तुमच्या ओळखीचं ठाणं घ्या.” कुबरानं सासरचं घेतलं. वेसवाडीच्या खाडीकाठचे सफरबाबा.

खैरुद्दीनच्या घराण्याकडे त्या दर्ग्याची दिवाबत्ती पिढ्यान्‌पिढ्या होती. बायको गेल्यावर मुलानं, कुबराच्या नवऱ्यानं, उमरनं त्यांना इथं आणलं, तेव्हा ते चुलतभावाच्या हाती दिवा देऊन आले होते. सून बाबांवर अभ्यास करणार म्हटल्यावर म्हाताऱ्याच्या अंगात नवं रक्त आलं. मशिदीबाहेरच्या बाकावर त्यांनी जाहीर केलं, “आमची सून बाबांवर पीएचडी करते.” मग सफरबाबा बगदादहून पाण्यावर जानमाज, म्हणजे नमाजाची चटई, अंथरून कसे आले, ते सगळ्यांना नव्यानं सांगितलं.

पंचाईत त्या जानमाजचीच झाली. कुबरानं किनाऱ्यावरच्या गावागावांत फोन लावले. एका ठिकाणी बाबा फळीवर बसून आले होते, दुसऱ्या ठिकाणी दगडावर, तिसऱ्या ठिकाणी पुन्हा जानमाजवर. सगळे बगदादचे. अर्चना मॅडम हसून म्हणाल्या, “गोष्टीसुद्धा गलबतांबरोबर फिरतात. ही गोष्ट गावाला कधी हवीशी वाटली, ते शोधा.” गावातल्या जुन्या बायांच्या बोलण्यात बगदाद कुठं नव्हतंच. पुरुष आखाताकडच्या बोटींवर नोकरीला जायला लागल्यानंतर ते आलं असावं.

आणि मग हेमा. ती दुसऱ्या बसवरची आया, माहेर वेसवाडीच्या खाडीपलीकडच्या कोळीवाड्यात. एका दुपारी डबा खाताना ती सहज म्हणाली, “आमच्यात सांगतात, तुमचा बाबा चालत नाय आला, वाहत आला. मेलेला. हिंदू का मुसलमान, काय खूण नाय. दोन्हीकडची माणसं किनाऱ्यावर उभी. मग तुमच्या लोकांनी कबर खणली आणि आमच्या बायांनी दिवा लावला. परक्या मुलखात मेला, त्याला काळोखात कसा ठेवायचा?”

कुबरानं ते प्रकल्पात लिहिलं. सासऱ्यांना मात्र सांगितलं नाही. आज सांगू, उद्या सांगू करत शनिवार उजाडला, आणि सासरे शेरवानी घालून समोर बसले.

पडद्यावर अर्चना मॅडम होत्या, शेजारच्या चौकोनात बाहेरचे परीक्षक. भारदस्त आवाजाचे, चष्म्यावरून बघणारे. सुरुवातीचे प्रश्न सोपे गेले. मग त्यांनी पानं उलटली.

“कुबराबाई, सफरबाबा बगदादहून आले, हे तुम्ही मान्य करता का?”

कुबरानं लॅपटॉपच्या वरून पाहिलं. खैरुद्दीन गुडघ्यांवर हात ठेवून पुढं झुकले होते. उमरच्या निकाहाला बसले होते तसेच. ‘श्रद्धेचा विषय आहे सर’ एवढं म्हटलं असतं तरी भागलं असतं.

“नाही सर,” ती म्हणाली.

मग तिनं सगळं सांगितलं. फळी, दगड, जानमाज. जुन्या बाया. शेवटी हेमाची गोष्ट. सांगताना तिनं एकदाही वर पाहिलं नाही.

“पण हेमाबाईंची गोष्ट तरी खरी कशावरून?” परीक्षकांनी विचारलं.

“खरी आहे असं मी म्हणत नाही सर. मला माहीत नाही. पण त्या गोष्टीत चमत्कार बाबा करत नाहीत. गाव करतं.”

परीक्षकांनी पुन्हा पानं उलटली. “हे प्रकल्पात लिहिलंय?”

“नाही सर. आत्ता बोलताना सुचलं.”

“मग विसरायच्या आत लिहून ठेवा,” ते म्हणाले, आणि पहिल्यांदाच हसले.

“मम्मी, यू वर ऑसम!” लॅपटॉप मिटताच एमाननं आईला मिठी मारली. पण खैरुद्दीन उठले होते. टोपी काढून त्यांनी केसांवरून हात फिरवला, टोपी पुन्हा घातली आणि ते दुपारच्या जोहरच्या नमाजाला निघून गेले.

“खलास,” कुबरा म्हणाली. “आता माझ्या हातचा चहासुद्धा घ्यायचे नाहीत.”

नमाज होऊन बराच वेळ झाला तरी ते परतले नाहीत. कुबरा ओढणी घेऊन खाली उतरली. मशिदीबाहेरच्या बाकावर ते एकटेच सावलीत बसले होते, शेरवानी घडी करून मांडीवर.

“अब्बा, चला. जेवण थांबलंय.”

“बस गो जरा.” ती बसली. “माझा बाप मला सांगायचा. त्याचा बाप त्याला. सगळे काय खोटं बोलले?”

“खोटं नाही अब्बा. आपला बाबा मोठ्या शहरचा असावा, असं वाटलं असेल. स्थळ सांगताना आपण नाही का म्हणत, मुलगा दुबईला असतो? असतो तो सोनापूरच्या मजूर कॅम्पात.”

खैरुद्दीनच्या मिशा हलल्या. “उमरचंही तसंच सांगितलेलं तुझ्या बापाला.”

“सांगितलं दुबई, निघालं कुठलं लांबचं रुवैस. आठवड्यातून एकदा नवरा दिसतो.”

म्हातारा हसला. आधी तोंडातल्या तोंडात, मग खांदे हलवत. हसता हसता त्यांनी डोळे पुसले आणि समोरच्या रस्त्याकडे पाहिलं.

“बिचाऱ्याच्या घरी कळलंही नसेल,” ते म्हणाले.

“कुणाच्या?”

“बाबांच्या.” शेरवानी हातावर टाकून ते उठले. “यल्ला, चल. आणि त्या कोळणीला उद्या जेवायला बोलाव. मला तिच्या तोंडून ऐकायचंय.”

रविवारी हेमा सुक्या बोंबलांची चटणी घेऊन आली. खैरुद्दीननं तिला आपली पंख्याखालची खुर्ची दिली आणि गोष्ट संपेपर्यंत ताटाला हात लावला नाही.

“भरती होती का ओहोटी?”

“भरती, चाचा.”

“मग आमच्याच काठाला लागणार. बरोबर आहे.” त्यांनी मान डोलावली. “दिवा कुणी लावला म्हणालीस?”

“आमच्या बायांनी.”

“आणि तेल?”

हेमा अडखळली. तिनं कुबराकडे पाहिलं. कुबरानं खांदे उडवले. “तेलाचं काय ठाऊक नाय, चाचा.”

“मग तेल आमचं,” खैरुद्दीन म्हणाले, आणि पापलेटचा मधला तुकडा त्यांनी स्वतःच्या हातानं तिच्या ताटात वाढला.