चौथा पुकारा

आमच्या जमीन कचेरीत मला सगळे भोंगा म्हणतात. साहेबांच्या दारात उभं राहून पक्षकारांची नावं पुकारायची, हे माझं काम. तीनदा पुकारायचं, कोणी आलं नाही तर वहीत 'गैरहजर' लिहायचं आणि खाली माझी सही. बावीस वर्षं घसा फोडतोय, पण उगाच कोणाचं प्रकरण बुडू दिलं नव्हतं.

मागवाली मावशी मात्र माझ्या आवाजाच्याही पलीकडची. तीस वर्षं कारखान्यात मागाच्या खडखडाटात काढली, दोन्ही कान गेले; अगदी कानाशी ओरडलं तरच थोडंफार कळायचं. नवरा वारल्यावर दिरानं तिच्या दोन खोल्यांची जागा आपल्या नावावर चढवून घेतली. ती नोंद रद्द झाली नाही तर मावशी रस्त्यावर. अकरा वर्षं ती तारखेला येऊन बाकाच्या टोकाला बसायची, आणि माझं तीनदा ओरडून झालं की मी जाऊन तिच्या खांद्यावर टिचकी मारायचो. तो आमचा चौथा पुकारा.

"तुझी बोंब अख्ख्या गावाला ऐकू जाते," ती हसायची. "मीच तेवढी सुटले बघ!"

मग वरच्या कोर्टानं कान उपटले. पाच वर्षांहून जुनी प्रकरणं साठ दिवसांत, दोन्ही बाजू ऐकून, निकाली काढा. साहेबांना त्यातलं 'साठ' तेवढं दिसलं. इतकी वर्षं जांभया देणाऱ्या कचेरीच्या अंगात एकदम वारं शिरलं.

शेवटच्या दिवशी त्रेचाळीस फायली उरल्या होत्या. "दारातूनच पुकार," साहेब म्हणाले. "बाहेर पाऊल टाकलंस तर बघ."

मावशीचं नाव आलं. दीर वकिलाला घेऊन आत शिरलाच होता. मी तीनदा ओरडलो. मावशी दहा पावलांवर, खाली मान घालून पिशवीतले कागद लावत बसलेली. वर बघ गं बाई, एकदा वर बघ! नाही बघितलं.

"साहेब, ती बाहेरच आहे. तिला ऐकू येत..."

"आत आली का? नाही ना? लिही."

मी लिहिलं. हात झडला असता तर बरं झालं असतं. निकाल दिराच्या बाजूनं लागला. अपिलाला तीस दिवस होते. संध्याकाळी सांगायला म्हणून बाकापाशी गेलो, तर तिनंच विचारलं, "आज नाही?" माझी मान आपोआप हलली. ती दुसऱ्या दिवशी आली, तिसऱ्या दिवशी आली. मी रोज मान हलवत राहिलो. उद्या सांगू, उद्या सांगू.

तिसाव्या दिवशी कोर्टानं नेमलेल्या वकीलबाई तपासणीला आल्या. बाई खमक्या. एकेक फाइल वाचत होत्या. मावशीच्या फाइलीवर थांबल्या.

"अकरा वर्षांत एक तारीख चुकवली नाही, आणि निकालाच्या दिवशीच गैरहजर?"

साहेब माझ्याकडे बघत होते.

"तीनदा पुकारलं होतं?" बाईंनी मला विचारलं.

"हो."

"सही तुमचीच?"

"माझीच."

एक शब्द खोटा नव्हता.

"आणि बाहेर बाकावर त्या कोण?"

माझी चार वर्षं नोकरी उरली होती. लाज वाटते सांगायला, पण त्या घडीला तेवढंच आठवलं. "अशाच येऊन बसतात," मी म्हणालो.

बाईंनी 'कामकाज नियमानुसार' असा शेरा लिहिला आणि निघाल्या. मी धावत बाकापाशी गेलो, मावशीच्या खांद्यावर टिचकी मारली. ती लगेच उठली, पदर सारखा केला, कागद काढले.

"आला नंबर?"

"मावशी, निकाल लागलाय. तुमच्या विरुद्ध. आजच्या आज अपील..." मी पुटपुटलो.

"मोठ्यानं बोल की रे भोंग्या! एरवी तर छप्पर उडवतोस."

वकीलबाई अजून जिन्यातच होत्या. ओरडलो असतो तर थांबल्या असत्या. साहेब दारात येऊन उभे होते.

मी मावशीकडे बघितलं आणि मान हलवली.

"बरं," तिनं कागद परत पिशवीत ठेवले. "मग उद्या येते."