शिवेवरचा गाडा

मी एक जुना गाडा आहे. पण मित्रांनो, माझ्यात कधी धान्य भरले नाही आणि मला कधी बैल जुंपले नाहीत. प्लेग आला की मरीआईला गावाबाहेर घालवण्यासाठी माणसेच मला ओढत. मष्णू सुताराने मला बाभळीच्या लाकडातून घडवले आणि शेवटची खुंटी ठोकताच तो हात धुवायला विहिरीवर पळाला. माझे कौतुक झाले ते एवढेच.

निपाणीजवळच्या आमच्या गावात नियम होता. गाड्यात दहीभात, लिंबे, बांगड्या आणि मेलेल्यांचे कपडे ठेवायचे. गाडा शिवेवर सोडायचा. त्यात चढले ते मागे आणायचे नाही. पुढच्या गावाने तो आणखी पुढे ढकलायचा.

१९०३ च्या प्लेगात लहानग्या मालूचे आईबाप गेले. आईचे लुगडे माझ्यात टाकलेले तिने पाहिले आणि ती चढून त्यावर बसली.

"उतर गं!" तिचा चुलता भावकू ओरडला, पण जवळ आला नाही.

"शिवू नगंस भावकू," पाटील म्हणाला. "देवीची झाली ती. वढा!"

शिवेवर मला सोडून सगळे परतले. मालू लुगड्यात शिरली. भूक लागली तेव्हा तिने देवीचा दहीभात खाल्ला. कुत्री वास काढत आली, पण माझ्या फळ्या उंच होत्या.

सकाळी पलीकडच्या गावची माणसे काठ्या घेऊन आली.

"ढकला म्होरं, पोरीसकट!"

कोणीतरी धोंडा मारला. तो माझ्या फळीला लागला. तेवढ्यात तंबाखूच्या वखारीत काम करणारी राजाबाई पुढे घुसली.

"नियम काय हाय रं?"

"गाड्यातलं मागं न्यायचं न्हाय."

"मागं कोण नेतंय? तिचं गाव मागं ऱ्हायलं. माझं घर म्होरं हाय."

"घरात प्लेग आणशील!"

"मग माझ्या दारात येऊ नगंस. तसाबी फुकटची तंबाखू मागायलाच येतोस."

कोणी हसले नाही. कोणी अडवलेही नाही. मालू लुगडे सोडेना. राजाबाईने ते हिसकावून माझ्यात टाकले आणि रडणारी पोर काखेत मारून ती निघून गेली.

मग मला पुढे ढकलायलाही कोणी हात लावला नाही. मी शिवेवरच राहिलो आणि ते लुगडे माझ्यातच कुजले. मालूबाई आता आपली पोरे घेऊन याच वाटेने बाजाराला जाते. पोरे माझ्यावर थुंकतात. ती त्यांना दटावते, पण मला हात लावत नाही.

मित्रांनो, मला वाळवी लागली आहे. लागू द्या. मला दुरुस्त करू नका आणि मी पोर सांभाळली असेही सांगू नका. मला हात नव्हते. शिवेपर्यंत मला ओढत आणणाऱ्यांना होते.