पिवळी फुली

फिटरचं डोकं त्या दुपारी कारखान्यातच फिरलं. फिरणार नाही तर काय! भंगारात काढायच्या मालावर पिवळ्या खडूने फुली मारायची आणि खाली तारीख टाकायची, ही तिथली जुनी रीत. कानखांबांची वही साहेबाच्या टेबलावर उघडी पडली होती. माणूस घरात काय कुजबुजतो तेसुद्धा ऐकणारे, गल्लीगल्लीत रोवलेले हे मेले खांब! वहीत बाजारातल्या खांबाच्या नोंदीवर तशीच पिवळी फुली होती. तारीख गुरुवारची.

आता गुरुवारी तोच खांब उडवायचा, हे भुयारात लपूनछपून जमून सरकारशी झुंजणाऱ्या चौघांनी, त्याने आणि त्यांच्या म्होरक्या म्हाताऱ्या मास्तरांनी धरून, कालच ठरवलं होतं. जाणार होती त्याची सख्खी थोरली बहीण.

त्याने भराभर मागची पानं चाळली. तीन वर्षांत उडवलेल्या प्रत्येक खांबाच्या नोंदीवर आधीच फुली, खाली तो उडवला त्याच दिवसाची तारीख. म्हणजे जुनं भंगार आपण फोडायचं आणि यांनी तिथे दोन भिंतींपलीकडचं ऐकणारे नवे खांब बसवायचे! वर 'देशद्रोह्यांनी मोडले' अशी बोंब ठोकायला मोकळे. जीव मुठीत धरून आपण यांची फुकट हमाली केली. अन् धाकटा भाऊ मागच्या वर्षी असाच एक खांब उडवताना गेला, तो कशापायी? फिटरला भडभडून आलं.

जेवणाच्या सुट्टीत तो धावतपळत भुयारातल्या खोलीत उतरला. ताई एकटीच तारा सोलत बसली होती.

"ताई, गुरुवारी तू जायचं नाहीस. तुला माझी शपथ आहे."

त्याने एका दमात सगळं सांगून टाकलं. ताईचे हात थांबले.

"मास्तरांना बोललास?"

"त्यांनाच कसं बोलू? खांब तेच निवडतात. घरभेदी तेच!"

"म्हातारा साधा आहे रे. मी सुचवते, तो मान डोलावतो."

फिटरला आधी कळेचना.

"माझी दोन पोरं वर उजेडात शाळेत जातात," ताई म्हणाली. "त्यांना आजवर कोणी हात कसा लावला नाही, हे कधी मनात आलं नाही तुझ्या?"

"आणि धाकटा?"

ताईचे डोळे भरून आले. ते रडणं खोटं नव्हतं, हेच वाईट.

"तोही आधी माझ्याकडेच आला होता," ती म्हणाली, आणि उठून तिने दाराला कडी घातली.